नटीचं दिग्दर्शन : माय सेटरलिंगवरून एक वाद

आमच्या वन्सं म्हणजे प्रायोगिक नाटकांत हयात घालवलेली बाई. माझा मुलगा संकलक आहे. दिवसा जाहिराती आणि माहितीपट कापतो, रात्री जुने युरोपीय सिनेमे बघत बसतो. आत्या-भाचा समोरासमोर आले की घरात तिसऱ्या माणसाला बोलायची सोय राहत नाही. यंदा कारण झाली माय सेटरलिंग. ही स्वीडनची नटी, दिग्दर्शिका आणि लेखिका १९२५ साली वेस्टेरोसला जन्मली आणि १९९४ साली लंडनमध्ये वारली. मुलाच्या मते युरोपीय सिनेमानं तिच्यावर मोठा अन्याय केला. वन्संच्या मते ती थोर नटी होती आणि तिनं आपलं हुकमी काम सोडून भलत्याच हट्टापायी उमेद खर्च केली. ऐकलं ते जमेल तसं लिहून काढलं आहे. मध्ये तोंड घालायचा मोह मला आवरलेला नाही.

मुलगा : आत्या, तिचा 'फ्लिकोर्ना' पूर्ण पाहिलास ना? का मध्येच उठलीस?

वन्सं : पूर्ण पाहिला. आणि मला तिच्यातल्या नटीची कीव आली. 'हेट्स'मध्ये जी पोरगी नुसत्या डोळ्यांनी भीती दाखवते, तिनं पुढे असा सिनेमा काढावा? एकेक गोष्ट तीन-तीनदा सांगते रे ती. आधी संवादात, मग स्वप्नात, मग पुन्हा रंगमंचावर.

('हेट्स' १९४४ चा. दिग्दर्शक आल्फ शोबर्ग; पटकथा पुढे दिग्दर्शक म्हणून गाजलेल्या इंगमार बर्गमनची, पडद्यावर आलेली त्याची पहिलीच. शाळेत लॅटिन शिकवणारा एक छळवादी मास्तर, त्याच्या हाताखाली भरडला जाणारा विद्यार्थी, आणि या दोघांच्या मध्ये सापडलेली तंबाखूच्या दुकानातली बेर्टा. बेर्टाचं काम सेटरलिंगनं केलं तेव्हा ती विशीचीही नव्हती. स्टॉकहोमच्या 'द्रामातेन'मध्ये, म्हणजे तिथल्या राजेशाही नाट्यगृहात, तिचं शिक्षण चालू होतं.)

मुलगा : बेर्टा तू किती छान केलीय म्हणतेस, पण ती लिहिलीय कशी ते बघ ना. गोष्टीत तिला काम काय? मास्तर किती दुष्ट आहे हे कळावं म्हणून ती घाबरते, आणि पोरगा शहाणा व्हावा म्हणून मरते. पुढची पंधरा-सोळा वर्षं तिला हेच मिळालं. १९४७ साली लंडनला 'फ्रिडा' केला. इंग्रज वैमानिक जर्मन बायको घेऊन गावी येतो, आणि सगळं गाव तिच्याकडे टकमका बघतं. तिनं करायचं काय? बघू द्यायचं! मग तिकडेच राहिली. डॅनी केबरोबर विनोदी सिनेमा, पीटर सेलर्सबरोबर विनोदी सिनेमा. कायम परदेशी उच्चारांची, सोनेरी केसांची, थोडी धोक्याची बाई.

वन्सं : अरे, भूमिका कशी लिहिलीय हे नटीच्या हातात कधी असतं? रिकाम्या जागेत जीव ओतायचा, हेच आमचं काम. तिला ते यायचं. लंडनच्या रंगभूमीवर तिनं इब्सेन केला, चेखव केला. त्यांच्या बायका काय रिकाम्या असतात? इब्सेनची नोरा करायला मिळालेल्या नटीला तू बिचारी म्हणू नकोस.

मुलगा : बिचारी म्हणतच नाही. मी म्हणतो, तिची फिल्म इन्स्टिट्यूट तिथेच झाली. दुसऱ्याच्या कॅमेऱ्यासमोर उभं राहून तिनं पाहून ठेवलं, की बाईकडे बघतात म्हणजे नेमकं काय बघतात. दिग्दर्शन सुरू केल्यावर पहिली गोष्ट तिनं कुठली केली असेल? कॅमेरा दुसऱ्यांवर वळवला. १९६० पासून बीबीसीसाठी माहितीपट केले. नवरा डेव्हिड ह्यूज कादंबरीकार, तो सोबत. लॅपलंडातले सामी लोक, दक्षिण फ्रान्समध्ये जत्रेला जमणारे रोमा, आणि मग खुद्द स्वीडनची सुबत्ता. स्वीडिश लोकांना तो शेवटचा फारसा रुचला नाही म्हणतात.

वन्सं : आणि मग 'द वॉर गेम'. तो मला आवडला, आधीच सांगते. एका खेळण्यातल्या बंदुकीवरून दोन पोरं झोंबतात, उंच इमारतीच्या गच्चीपर्यंत पोचतात. पंधरा मिनिटांचा आहे. शब्द जवळजवळ नाहीतच. त्यात मला 'हेट्स'मधली नटी दिसते. मुलांवर विश्वास टाकलाय, प्रेक्षकावर टाकलाय.

मुलगा : त्याला व्हेनिसच्या महोत्सवात लघुपटांचा पुरस्कार मिळाला, आणि त्यातून पुढचं दार उघडलं.

वन्सं : दार उघडलं कुणी तेही सांग. तुझ्या अन्यायाच्या गोष्टीत तो भाग तू गाळतोस.

इथे वन्संचं बरोबर होतं, म्हणून तो भाग मी सांगते. १९६३ साली हॅरी शेन नावाच्या माणसाच्या योजनेतून स्वीडिश फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. सिनेमावरचा करमणूक कर सरकारनं रद्द केला आणि त्याबदल्यात थिएटरवाल्यांनी तिकिटाच्या रकमेतले दहा टक्के इन्स्टिट्यूटला द्यायचे ठरले. तो पैसा सिनेमातच परत जायचा. टीव्ही आल्यापासून स्वीडनमधली थिएटरं ओस पडत चालली होती. या पैशानं नव्या माणसांना हात दिला. बू वीडरबेरी, विल्गोत शेमन, यान त्रोएल यांची नावं त्याच सुमाराची. सेटरलिंगला सँड्र्यूज या कंपनीचा निर्माता योरान लिंडग्रेन भेटला. 'प्रेमी जोडपी' १९६४ साली आला, 'रात्रीचे खेळ' १९६६ साली. १९६८ साली तर दोन आले : 'डॉक्टर ग्लास' आणि 'फ्लिकोर्ना', म्हणजे मुली.

वन्सं : पाच वर्षांत चार सिनेमे. हा अन्याय असेल तर आमच्या वाट्याला थोडा आला असता तर बरं झालं असतं.

मुलगा : बरं, मग सिनेमे बघू. 'प्रेमी जोडपी' घे. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास प्रसूतिगृहात आलेल्या तीन बायका, आणि त्या तिथवर कशा पोचल्या त्याच्या आठवणी. आग्नेस फॉन क्रूसेनस्ट्येर्ना या लेखिकेच्या सात खंडी कादंबरीवर बेतलेला. १९३०च्या दशकात त्या कादंबरीवरून स्वीडनमध्ये केवढं रण माजलं होतं! पहिल्याच कथापटाला असली सात खंडांची कादंबरी उचलायची छाती लागते. छायालेखक स्वेन नीक्विस्ट. हॅरिएट आंडर्सन, गुनेल लिंडब्लूम. सगळी माणसं बर्गमनच्या घरची.

वन्सं : तेच म्हणते. बर्गमनची माणसं आणि बर्गमनची सावली. 'रात्रीचे खेळ' तर विचारूच नको. वाड्यात परतलेला मुलगा, आईच्या आठवणी, विकृत पाहुणे, शेवटी वाडाच सुरुंगानं उडवून द्यायचा. इन्ग्रिड थुलिन आई झालीय म्हणून मी बसून राहिले. व्हेनिसला त्यावरून गोंधळ झाला ना?

मुलगा : १९६६ साली. परीक्षक आणि पत्रकारांनाच बंद दाराआड दाखवला, सामान्य प्रेक्षकांना नाही. त्याच वर्षी सॅन फ्रान्सिस्कोच्या महोत्सवानं तो घेतला, तर शर्ली टेंपलनं निषेध म्हणून महोत्सवाच्या समितीचा राजीनामा दिला. लहानपणी नाचून-गाऊन अमेरिकेला वेड लावणारी तीच शर्ली टेंपल.

वन्सं : म्हणजे मोफत जाहिरात.

मुलगा : आणि कायमचा शिक्का. त्यानंतर तिचा सिनेमा आला की आधी वाद यायचा आणि मागून सिनेमा.

'डॉक्टर ग्लास'वर दोघंही फार थांबले नाहीत. यल्मार सोडेरबेरीची १९०५ ची कादंबरी आहे. पाद्र्याची तरुण बायको नवऱ्याच्या जवळिकीला विटलेली, ती डॉक्टरला गळ घालते आणि डॉक्टर पाद्र्याला विष देतो. पेर ओस्कार्सनचं काम चांगलं आहे. १९६८ च्या कान महोत्सवात तो स्पर्धेत होता, पण फ्रान्समधल्या मे महिन्याच्या उठावात महोत्सवच अर्ध्यावर बंद पडला. नशिबाची बाजू म्हणतात ती ही. खरा वाद रंगला तो 'फ्लिकोर्ना'वर.

मुलगा : गोष्ट साधी. तीन नट्या ॲरिस्टोफेनिसचं 'लिसिस्ट्राटा' घेऊन स्वीडनच्या दौऱ्यावर निघतात. युद्ध थांबत नाही तोवर नवऱ्यांना अंथरुणात घ्यायचं नाही, असं ग्रीक बायका ठरवतात, ते नाटक. इकडे या तिघींचे घरचे प्रश्न. एकीला चार मुलं आहेत. दुसरीला लग्न झालेल्या माणसापासून मूल आहे. तिसरीच्या नवऱ्याला ती दौऱ्यावर गेलेली परवडते, कारण त्याचं बाहेर काही चालू आहे. नाटकातले संवाद या बाया रात्री म्हणतात आणि सकाळी त्याच संवादांना अर्थ चढायला लागतो. बीबी आंडर्सन, हॅरिएट आंडर्सन, गुनेल लिंडब्लूम. बर्गमनकडे या तिघी सोसतात. इथे त्या हसतात, वैतागतात, आचरटपणा करतात. तेच चेहरे, पण मी त्यांना आधी कधी पाहिलंच नव्हतं असं वाटलं.

वन्सं : हे मान्य.

मुलगा : आणि संकलन बघ. तालीम चालू असताना कट येतो, आणि आपण तिच्या घरात असतो. पुढच्या कटला नवरा रंगमंचावर उभा. हे स्वप्न आहे का, आठवण आहे का, नाटक आहे का, काहीच सांगत नाही. प्रकाश तोच ठेवलाय. आम्हाला शिकवतात, स्वप्नात जाताना प्रेक्षकाला धक्का लागू देऊ नका, काहीतरी खूण द्या. ती एकही खूण देत नाही. नटीच्या डोक्यात भूमिका आणि घर असंच एकमेकांत मिसळलेलं असणार.

वन्सं : असतं. पण मिसळलेलं दाखवायचं आणि मिसळलंय असं ओरडून सांगायचं, यात फरक आहे. तो थिएटरातला प्रसंग आठव. बायका पडद्यावरच्या हुकूमशहांना आणि पुढाऱ्यांना अंडी फेकून मारतात. मला कळलं रे. पहिल्या अंड्यालाच कळलं.

मुलगा : १९६८ साल आहे, आत्या. व्हिएतनाम चालू आहे. सगळेच ओरडत होते. फ्रान्सच्या गोदारनं ओरडलेलं चालतं.

वन्सं : गोदारचं मला तेव्हाही चालत नव्हतं! आता मी तुला त्या सिनेमातली खरी जागा सांगते. उत्तरेकडच्या एका गावात प्रयोग संपतो. बीबी आंडर्सन पडद्यापुढे येते आणि प्रेक्षकांना म्हणते, आता आपण या विषयावर बोलू या. समोर माणसं बसलेली. ती हसत नाहीत, रागावत नाहीत, उठूनही जात नाहीत. नुसती बघतात. तिला वाक्य पुरं करता येत नाही. आम्ही दौऱ्यावर असताना आडगावच्या नाट्यगृहात प्रयोगानंतर चर्चा ठेवायचो ना, तेव्हा हीच शांतता यायची. शेवटी संस्थेचा कार्यवाह उठून आभार मानायचा. तिथे सेटरलिंगनं स्वप्न घातलं नाही, घोषणा घातली नाही. कॅमेरा ठेवला आणि नटीला उघडं पाडलं. दौरा केलेल्या बाईलाच ते सुचू शकतं.

मुलगा : मग तू माझ्याच बाजूची झालीस.

वन्सं : अजिबात नाही. मी म्हणते, सगळा सिनेमा असा का नाही? तिला येत होतं. तिनं केलं नाही.

मुलगा : आणि त्या गावात झालं ते थिएटरांत झालं. स्वीडिश समीक्षकांनी सिनेमा झोडपला, प्रेक्षक आले नाहीत. फ्रेंच स्त्रीवादी लेखिका सिमोन द बोव्हारनं मात्र तोंड भरून कौतुक केलं. पण त्या कौतुकावर पुढचा सिनेमा उभा राहत नाही. स्वीडनमध्ये तिला पुन्हा मोठ्या पडद्याचा सिनेमा करायला मिळाला तो थेट १९८६ साली. अठरा वर्षं, आत्या. आता हे ऐक. १९६४ सालीच बर्गमनचा 'या सगळ्या बायका' आला होता. रंगीत, विनोदी, आणि सपशेल पडलेला. दोन वर्षांनी त्यानं काय केलं? 'पर्सोना'. एक सिनेमा पडला म्हणून कुणी त्याला घरी बसवलं नाही.

वन्सं : कारण तोवर त्याच्या खाती 'सातवी मोहर' होती, 'रानबोरं' होती. त्याची पत होती, पोरा. आपल्याकडेही नाटक पडलं की निर्माता मागची बाकी बघतो.

मुलगा : पण पत जमवायला आधी पडावं लागतं. बर्गमनचे पहिले सिनेमे काय चालले का? मग १९४८ साली 'अंधारातलं संगीत' केला, त्यात हीच सेटरलिंग नायिका होती. पडत, शिकत, हिवाळ्यात नाटक आणि उन्हाळ्यात सिनेमा करत तो तिथवर पोचला. एक संस्था मागे, एक नाटकमंडळी सोबत. हिला चार सिनेमांत तेवढं सगळं करून दाखवायचं होतं.

(माझं मत विचाराल तर या मुद्द्यावर पोरगा जिंकला. पण वन्संनी गप्प राहण्याऐवजी चहा मागितला, तेव्हा निकाल जाहीर करायची वेळ आली नाही.)

वन्सं : बरं, त्या अठरा वर्षांत ती हातावर हात ठेवून बसली नाही ना? तुम्ही लोक मधला काळ असा सांगता, जणू ती विजनवासात होती.

मुलगा : नाही बसली. उलट त्या काळातलं मला सगळ्यात आवडतं ते काम म्युनिक ऑलिंपिकचं. १९७२ च्या त्या स्पर्धेवर आठ दिग्दर्शकांनी मिळून सिनेमा केला. मिलोश फोरमन, कोन इचिकावा, आर्थर पेन, जॉन श्लेसिंजर वगैरे दिग्गज, आणि आठांत बाई ही एकटी. तिनं काय निवडलं? भारोत्तोलन. सुरुवातीलाच सांगते, मला खेळात रस नाही, झपाटलेपणात आहे. मग ते अगडबंब पुरुष, त्यांचं खाणं, वजनापुढे उभं राहून स्वतःशीच चाललेली झटापट. आणि गडी वजन टाकून गेला की तेच वजन मंचावरून हलवायला चार-सहा जणांची दमछाक. हसू येतं आणि दयाही येते. बाईकडे कसं बघतात हे शिकून घेतलेली बाई तिथे पुरुषाच्या शरीराकडे बघते, आणि त्याची टवाळी करत नाही.

वन्सं : हे मी पाहिलं नाही. पाहीन.

मुलगा : १९८२ साली इंग्लंडमध्ये 'स्क्रबर्स', मुलींच्या सुधारगृहावर. तो ज्या कंपनीनं काढला ती बीटल्समधल्या जॉर्ज हॅरिसनची.

वन्सं : आणि लिहीतही होती. तुझ्या बोलण्यात लेखिका कुठेच नाही. 'रात्रीचे खेळ' ही कादंबरीही तिचीच. लघुकथा लिहिल्या, मुलांसाठी लिहिलं, १९८५ साली आत्मचरित्र लिहिलं. मातृभाषा सोडून इंग्रजीत लिहायचं, तेही दक्षिण फ्रान्समधल्या शेतघरात बसून. मला वाटतं, सिनेमात ती जे ठासून सांगते ते कागदावर सांगायचं होतं. कागद सोसतो.

मुलगा : नट्यांची आत्मचरित्रं लोक कशासाठी वाचतात ते माहीत आहे ना तुला? कोण कुणाबरोबर होतं, एवढ्यासाठी.

वन्सं : हंसा वाडकरांचं 'सांगत्ये ऐका' तू तसं वाचलंस का?

मुलगा : मी त्यावरचा 'भूमिका' पाहिला.

वन्सं : म्हणजे श्याम बेनेगलांनी वाचलेलं तू पाहिलंस. आधी बाईनं काय लिहिलंय ते वाच. सेटरलिंगचंही तसंच. स्वतःला ती कुठे सोडत नाही. गरीब घर, लहानपणी ऑस्ट्रेलियात गेलेली काही वर्षं, आई-बापाबद्दलचा राग, फसलेली लग्नं. आणि नटी म्हणून आपण दुसऱ्यांच्या इच्छेवर किती जगलो, तेही. तुझा मुद्दा तिनंच तुझ्यापेक्षा चांगला मांडलाय, तो भाग वेगळा.

मी मध्येच विचारलं, की आमच्या पिढीनं नाही, पण आजच्या मुलांनी तरी हिला कुठे पाहिलंय का. दोघं एकदम म्हणाले, पाहिलंय. रोआल्ड डालच्या गोष्टीवरचा १९९० चा 'द विचेस', त्यातली आजी. चेटकिणी कशा ओळखायच्या हे नातवाला सांगणारी. जगभरच्या लेकरांना माय सेटरलिंग माहीत आहे ती ही. त्याच वर्षी केन लोचच्या 'हिडन अजेंडा'मध्येही तिचं छोटं काम आहे.

वन्सं : बघ, शेवटी परत नटीच.

मुलगा : त्याआधी 'अमोरोसा' आहे. १९८६.

वन्सं : त्याचंच बोलणार होते. तिचा सगळ्यात चांगला सिनेमा. पहिला कथापट जिच्या पुस्तकांवर केला त्या क्रूसेनस्ट्येर्नाकडे बावीस वर्षांनी परत गेली, या वेळी तिच्या आयुष्याकडे. मोठ्या घरातली मुलगी, मनाच्या आजारानं पुन्हापुन्हा इस्पितळात जाणारी. आणि नवरा डेव्हिड स्प्रेंगेल, जो तिची पुस्तकं सांभाळतो आणि तिलाही गिळतो. स्टीना एकब्लाड आणि एर्लांड योसेफसन. नवरा तारणारा की खाणारा, हे ती ठरवून देत नाही. दोन नट एका खोलीत सोडते आणि बाजूला होते.

मुलगा : मला तो जड वाटतो. कपडे, झुंबरं, व्हेनिसचा कार्निव्हल. 'फ्लिकोर्ना'मध्ये ती पडायला भीत नाही. इथे पडू नये याची काळजी घेतलीय. अठरा वर्षं दार बंद ठेवलं तर माणूस जपूनच पाऊल टाकणार ना?

वन्सं : किंवा साठी ओलांडल्यावर माणसाला कळतं, की सगळंच आपण सांगायला नको.

मुलगा : आणि लिंडब्लूम आणि थुलिन? दोघी सेटरलिंगच्या सिनेमांत होत्या, दोघींनी पुढे स्वतः दिग्दर्शन केलं. लिंडब्लूमनं १९७७ साली, थुलिननं १९८२ साली. त्यांनी काहीतरी पाहिलं असेलच ना सेटवर?

वन्सं : लिंडब्लूमचा पहिला सिनेमा बर्गमननं निर्माण केला होता, तेही सांगत जा.

मुलगा : सांगतो की! पैसा बर्गमनचा होता, पण नटी कॅमेऱ्यामागे उभी राहू शकते हे तिनं सेटरलिंगच्या सेटवर पाहिलं होतं. 'फ्लिकोर्ना' हा फसलेला असेल, पण तो असा फसलाय की त्यातून पुढच्या सगळ्या बायकांना रस्ता फुटला.

वन्सं : हे वाक्य दुसऱ्या कुणाच्या माहितीपटात आलं असतं तर तू कापलं असतंस.